दुधी काचेतलं जहाज

१७९५ च्या नोव्हेंबरात अमेरिकेच्या मॅसॅच्युसेट्स किनाऱ्यावरच्या सेलम बंदरातून एक लहानसं शिडाचं जहाज निघालं. नाव ‘राजा’. चार तोफा, दहा माणसं, आणि पोटात ब्रँडी, जिन, लोखंड, तंबाखू, मासळी असा किरकोळ माल. कप्तान जोनाथन कार्न्स नेमका कुठे चालला आहे, हे त्याच्या मालकांखेरीज कुणाला ठाऊक नव्हतं. दीड वर्ष होऊन गेलं तरी जहाजाची काही खबर नाही. गावाने ते बुडालं असं धरून चालायला सुरुवात केली असावी, तोच १७९७ मध्ये ‘राजा’ सेलमच्या धक्क्याला लागलं. तळघरात मिरी होती, आणि तीही पोत्यांत नाही. धान्याच्या कोठारात ओततात तशी सुटी भरलेली. अमेरिकेत अशी सुटी मिरी प्रथमच येत होती. त्या खेपेने मालकांना सातशे टक्के नफा दिला.

त्या आकड्याने गावाची झोप उडाली. कार्न्सने मिरी सुमात्राच्या वायव्य किनाऱ्यावरून थेट उचलली होती, पण तो तोंड उघडायला तयार नव्हता. तो पुन्हा निघाला तेव्हा त्याच्या मागावर दुसरी जहाजं राहिली. गुपित फार दिवस टिकलं नाही. थोड्याच वर्षांत हे छोटं गाव मिरीच्या व्यापाराचं एक जागतिक ठाणं झालं. १८३९ मध्ये सेलमने शहराची मुद्रा ठरवली, तेव्हा तिच्यावर चर्च आलं नाही की न्यायाची तराजू आली नाही. आला तो ताडाच्या झाडाजवळ छत्री धरून उभा असलेला सुमात्रातल्या आचे प्रदेशाचा माणूस, मागे शिडाचं जहाज आणि खाली लॅटिनमध्ये श्रीमंत पूर्वेच्या शेवटच्या बंदरापर्यंत जाण्याची भाषा. चेटकिणी समजून माणसांना फाशी देणारं गाव म्हणून आपण सेलम ओळखतो. त्या गावाने स्वतःची ओळख मात्र मसाल्यावर बेतली.

ही सगळी गोष्ट दाढी झाल्यावर गालाला लावायच्या एका पाण्याची आहे.

सेलमची भरभराट ओसरून शंभरेक वर्षं झाली होती. १९३४ मध्ये न्यूयॉर्कला विल्यम लाइटफूट शुल्ट्झ नावाच्या माणसाने साबण आणि प्रसाधनांची एक कंपनी काढली. स्वतःच्या आडनावाशी थोडा खेळ करून तिला नाव दिलं ‘शुल्टन’. महामंदीचा काळ होता. असल्या काळात लोक चैनीची वस्तू सहसा घेत नाहीत, पण आठवणीची वस्तू घेतात. अमेरिकेला त्या वर्षांत आपल्या वसाहतकाळाचं वेड लागलं होतं. रॉकफेलरच्या पैशाने विल्यम्सबर्ग हे अख्खं जुनं गाव पुन्हा उभं राहत होतं. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात १९२४ पासून जुन्या अमेरिकी घरांच्या खोल्याच्या खोल्या मांडलेल्या होत्या. पणजीचा चरखा, पणजीची रजई, पणजीचं कपाट, सगळ्याला मोल आलं होतं.

शुल्ट्झला आठवली आपल्या आईची बरणी. गुलाबाच्या वाळलेल्या पाकळ्या, त्यात लवंग, दालचिनी आणि आणखी काही मसाला, असं मिश्रण झाकून ठेवायचं आणि पाहुणे आले की झाकण काढायचं. युरोप-अमेरिकेतल्या घरांत ही जुनी रीत. आपल्याकडे गुलकंदाच्या बरणीचं झाकण उघडल्यावर जे होतं, तेच तिथे नुसत्या वासापुरतं. अल्बर्ट हाउक या सुगंधकाराने तो वास बाटलीत उतरवला. एनिड एडसन या चित्रकर्तीने वेष्टनं सजवली. १९३७ मध्ये माल बाजारात आला आणि त्याचं नाव होतं ‘अर्ली अमेरिकन ओल्ड स्पाइस’. तो होता बायकांसाठी. साबण, पावडर, अंगाला लावायचं सुगंधी पाणी. ज्या वासाला पुढे साऱ्या जगाने बापाचा वास म्हणून ओळखलं, तो मुळात एका आईचा वास होता.

पुरुषांसाठीचा ओल्ड स्पाइस वर्षभराने, १९३८ मध्ये आला. बायकांच्या मालातून मसाला तसाच घेतला आणि बाटलीवर जहाज काढलं.

हे चित्र का लागलं, ते समजून घ्यायचं तर त्या काळातल्या अमेरिकन पुरुषाची पंचाईत समजून घ्यावी लागते. त्याला सुवास आवडत होता, पण अत्तर लावणारा पुरुष म्हणजे नटवा, अशी त्याची ठाम समजूत होती. आपल्याकडे अत्तराचा फाया कानात खोचणारा माणूस बैठकीत खुशाल मिरवतो. लग्नाच्या दारात गुलाबदाणीतून शिंपडलेलं पाणी कुणाही पुरुषाने कधी नाकारलं नाही. ओहायोतल्या शेतकऱ्याला ही मुभा नव्हती. त्याला सुवास हवा असेल तर औषधाच्या वाटेने यावं लागे.

ती वाट न्हाव्याच्या दुकानातून जायची. तिथे ‘बे रम’ असे. कॅरिबियन बेटांवर लवंगेच्या वासाची पानं देणारं एक झाड आहे. ती पानं रममध्ये भिजवून ऊर्ध्वपातन केलं की हे द्रव्य तयार होई. सेंट थॉमस बेटावरच्या आल्बर्ट हाइनरिख रीसे या डॅनिश औषधविक्याने ते दूरवर पोचवलं. (अमेरिकेत दारूबंदी आली तेव्हा काही इसमांनी हे द्रव्य गालाऐवजी घशाला लावलं. तो निराळा इतिहास.) १९१७ मध्ये डेन्मार्कने ती बेटं अमेरिकेला विकली आणि त्याच वर्षी कनेक्टिकटच्या जे. बी. विल्यम्स कंपनीने ‘अ‍ॅक्वा वेल्व्हा’ आणलं. दोन्ही गोष्टींचा एकमेकींशी संबंध नाही. पण आता घरोघरी दाढी करणाऱ्याला लागणारी वस्तू बाटलीत आली होती.

घरोघरी दाढी हीसुद्धा नवीच गोष्ट. किंग कँप जिलेटच्या सेफ्टी रेझरला पेटंट मिळालं १९०४ मध्ये. पहिल्या महायुद्धात विषारी वायूचा मुखवटा गालाला घट्ट बसायचा तर दाढी नको, म्हणून अमेरिकन सरकारने सैनिकांसाठी ३५ लाख रेझर घेतले. सैनिक रोज सकाळी आपली आपण दाढी करायची सवय घेऊन घरी आले. त्याच सुमाराला आशियातून आलेल्या घोड्याच्या केसांच्या दाढीच्या ब्रशातून काही जणांना अँथ्रॅक्स झाला. दाढीनंतर गालाला काहीतरी जंतुनाशक लावावं, हा विचार नुसता जाहिरातवाल्यांचा नव्हता. आपल्या सलूनमध्ये तुरटीचा खडा होता, त्यांच्याकडे अल्कोहोल.

म्हणजे पुरुषाने गालाला वासाचं पाणी लावायला निमित्त सापडलं होतं. उरला होता प्रश्न वासाचा. गुलाब, जाई, हेलिओट्रोप या फुलांची नावं कुठल्या पुरुषाच्या तोंडून निघणार? शुल्टनने तो प्रश्न जहाजावर चढवून सोडवला. बाटल्यांवर आली ‘ग्रँड टर्क’ आणि ‘फ्रेंडशिप’, सेलमच्या जहाजांची नावं. ‘ग्रँड टर्क’ हे इलायस हॅस्केट डर्बीचं. स्वातंत्र्ययुद्धात ते ब्रिटिश जहाजं लुटायला सरकारी परवान्यानिशी हिंडलं, मग व्यापाराला लागलं आणि १७८७ मध्ये चीनचा माल घेऊन घरी आलं. न्यू इंग्लंडमधून कँटनला जाऊन आलेलं ते पहिलं जहाज. एवढ्या शिडांखाली बसलेल्या पुरुषाने कार्नेशनचा वास घेतला तर बिघडलं कुठे?

पहिल्या बाटल्या काचेच्या नव्हत्या. ओहायोतल्या क्रूक्सव्हिल गावच्या हल पॉटरीने त्या चिनी मातीत घडवल्या. निमुळत्या गळ्याच्या, पांढुरक्या, हातात घेतल्यावर एखाद्या जुन्या घरातून उचलून आणल्यासारख्या. पुढे व्हीटन कंपनीने तोच घाट दुधी काचेत उतरवला. ही बाटली साऱ्या जगाच्या डोळ्यांत बसली. तिच्यातून द्रव भसकन येत नसे. तळहातावर उलटी करून हलवावी लागे, मग चार थेंब पडत. आमचे एक काका ते चार थेंब तीर्थासारखे ओंजळीत घेत आणि डोळे मिटून दोन्ही गालांवर थाप मारत. तो विधी रविवारचा, किंवा लग्नकार्याचा. बाकीच्या दिवशी तुरटी.

डोळे मिटण्याचं कारण भक्ती नव्हतं. दाढीने कातडीवर नकळत बारीक ओरखडे उठतात आणि तिथे अल्कोहोल लागलं की आग होते. उष्णतेची जाणीव करून देणारा एक संवेदक आपल्या मज्जातंतूंत असतो. साधारण ४२ अंश सेल्सिअसच्या वर गेल्यावर तो ओरडतो. अल्कोहोल त्याची ही सीमा सुमारे ३४ अंशांपर्यंत खाली आणतं. अंगाचं नेहमीचं तापमान त्याहून जास्त, म्हणून काही जळत नसताना जळल्यासारखं वाटतं. मिरचीचा तिखटपणा जाणवतो तो याच संवेदकामुळे. दाढीनंतरची चुरचुर आणि ठेच्याचा झटका ही एकाच कोठीतली लेकरं आहेत. मग अल्कोहोल उडून जातं, उडताना कातडीची ऊब नेतं आणि गाल गार पडतात. मागे उरतो वास.

त्या वासाची उकल करत बसलं तर पहिल्यांदा संत्रं-लिंबू येतं, पण ते पाहुण्यासारखं, बसायच्या आत उठतं. मग घरचे लोक. दालचिनी, जायफळासारखी ऊब, आणि लवंगेचा तो ओळखीचा कोरडा तिखटपणा. लवंगेच्या वासामागे युजेनॉल नावाचं द्रव्य आहे. तेच कार्नेशनच्या फुलात आहे, बे रमच्या पानात आहे, आणि दाताच्या डॉक्टरांच्या खोलीतला जो वास आपल्याला दारातच घाबरवतो, त्यातही आहे. आजीने दुखऱ्या दाढेखाली धरायला दिलेली लवंग तीच. या सगळ्याखाली व्हॅनिला आणि कस्तुरीची मऊ पावडर पसरलेली असते, ती दुपारपर्यंत शर्टाच्या कॉलरला चिकटून राहते. माझ्या मते या वासाची खरी करामत या खालच्या पावडरीत आहे. वर मसाला बोलतो, म्हणून पुरुष बिनधास्त. खाली मूळचं, बायकांसाठी केलेलं अत्तर शांतपणे आपलं काम करत असतं.

जहाजाच्या चित्रामागेही एक खालचा थर आहे, त्याबद्दल बाटली बोलत नाही. ‘फ्रेंडशिप’ नावाचं एक जहाज सेलममध्ये १७९७ ला बांधलं गेलं. बटाव्हिया, भारत, चीन, रशिया अशा खेपा करून ते १८१२ च्या युद्धात ब्रिटिशांच्या हाती लागलं. पुढे त्याच नावाचं दुसरं जहाज चार्ल्स एंडिकॉट या कप्तानाच्या हाताखाली फेब्रुवारी १८३१ मध्ये सुमात्राच्या क्वाला बातू या मिरीच्या बंदरात उभं होतं. मिरीच्या वजनमापावरून त्या किनाऱ्यावर दोन्ही बाजूंनी बरीच वर्षं लबाड्या चालत होत्या. कप्तान वजन करवून घ्यायला किनाऱ्यावर गेला असताना तिथल्या लोकांनी जहाज लुटलं, तीन खलाशी मारले. पो आदम नावाच्या आचेच्या माणसाने एंडिकॉटला वाचवलं आणि जहाज परत मिळवायला मदत केली. त्यापायी त्याची स्वतःची मालमत्ता गेली.

अध्यक्ष अँड्र्यू जॅक्सनने ‘पोटोमॅक’ ही युद्धनौका धाडली. बरोबर एका वर्षाने, फेब्रुवारी १८३२ मध्ये, कमोडोर जॉन डाउन्सने क्वाला बातू जाळलं. शंभरावर माणसं मेली, त्यांत बायकामुलंही होती. आशियाच्या भूमीवर अमेरिकन सशस्त्र दलाची ही पहिलीच चढाई, आणि तिच्या मुळाशी मिरी. जहाजाचं नाव होतं मैत्री. शंभर वर्षांनी शुल्टनच्या लोकांनी हे नाव निवडलं, तेव्हा त्यांच्या मनात क्वाला बातू असेल असं मला वाटत नाही. आठवणीचा धंदा करणाऱ्याला निवडक विसरता यावंच लागतं.

सेलमचे धागे मुंबईपर्यंतही येतात. डर्बीच्या ‘अटलांटिक’ जहाजाने १७८८ मध्ये सुरत आणि मुंबईत अमेरिकन निशाण आणलं, आणि पुढच्याच वर्षी ‘पेगी’ हे जहाज मुंबईचा कापूस घेऊन सेलमला पोचलं. अमेरिकन कप्तानांची मुंबईतली कामं पाहायला नसरवानजी माणेकजी वाडिया हे पारशी व्यापारी होते. सेलमच्या दर्यावर्दींनी १७९९ मध्ये एक मंडळ काढून देशोदेशीच्या वस्तू जमवायला सुरुवात केली, तेव्हा नसरवानजींनी त्यांना आपल्याकडच्या पारशी पोशाखाची भेट पाठवली. त्या संग्रहाचं आज पीबडी एसेक्स हे मोठं संग्रहालय झालं आहे. त्यात नसरवानजींचं तैलचित्रही आहे. ज्या बंदराची जहाजं पुढे आमच्या काकांच्या आरशाखालच्या फळीवर आली, त्या बंदराला आमच्या मुंबईचा माणूस दीडशे वर्षं आधी ओळखत होता, हे काकांना सांगायचं राहून गेलं.

दुसऱ्या महायुद्धानंतरची हकीकत भराभर उरकता येते, कारण यश एकसुरी असतं. शुल्टनचा कारखाना न्यू जर्सीत क्लिफ्टनला गेला. १९५० मध्ये विल्यम शुल्ट्झ वारला, मुलगा जॉर्ज गादीवर आला. टीव्हीवर खांद्यावर पडशी टाकून शीळ वाजवत येणारा खलाशी दिसू लागला. बंदराबंदरात त्याची वाट पाहणारी कुणी असे आणि तो बाटली कुणाकडे तरी भिरकावून पुढे जाई. प्रत्यक्षात मात्र या बाटल्या बहुतेक करून बायका आणि मुलंच विकत घेत. नाताळाला वडिलांना काय द्यायचं हा प्रश्न ओल्ड स्पाइसच्या खोक्याने पिढ्यान्‌पिढ्या मिटवला. १९७१ मध्ये अमेरिकन सायनामिड या रसायनांच्या बड्या कंपनीने शुल्टन विकत घेतली.

त्याच दशकात ब्रिटनमध्ये एक जाहिरात आली. खलाशाच्या जागी आता लाटांवर स्वार झालेला एक गडी होता. घराएवढी लाट, तिच्या पोटातून सर्रकन जाणारी फळी, आणि मागे कार्ल ऑर्फच्या ‘कार्मिना बुराना’मधलं ते अंगावर येणारं समूहगान. भारतात ऐंशीच्या दशकात दूरदर्शनवर ती लाट घराघरात फुटली. रविवारी सकाळी चहा घेताना लॅटिन समूहगान ऐकणारी आमची पिढी ते जर्मन संगीत आहे हे जाणत नव्हती. त्या संगीताचं नाव आमच्यापुरतं ‘ओल्ड स्पाइसची ट्यून’ असंच होतं. नंतर कळलं की हे गान फ्रँकफुर्टला पहिल्यांदा सादर झालं १९३७ मध्ये, शुल्ट्झने आईची बरणी बाटलीत भरली त्याच वर्षी.

भारतात तेव्हा परदेशी मालाची आयात जवळपास बंद. त्यामुळे आखातातून आलेल्या माणसाच्या बॅगेतून निघणाऱ्या बाटलीला मान होता. पण ओल्ड स्पाइस परवान्यावर इथेही तयार होऊ लागलं. कोलफॅक्स लॅबोरेटरीज हे नाव बाटलीवर बारीक अक्षरात असे, पण ते कोण वाचतो? लोक जहाज पाहत. मुलीकडचे लोक येणार असले की मुलाच्या गालाला ते लागे. मुलाखतीच्या दिवशी लागे. काही घरांत रिकामी बाटली फेकलीच जात नसे. दुधी काच, चांगलं बूच आणि वर जहाज, एवढा ऐवज कोण टाकेल? आमच्या घरी तिच्यात गुलाबपाणी राहायचं, आणि कितीही वेळा धुतली तरी त्या गुलाबपाण्याला लवंगेचा वास यायचा. तो विल्यमच्या आईच्या बरणीतल्यासारखाच असेल, हे आईला ठाऊक असण्याचं कारण नव्हतं.

१९९० मध्ये सायनामिडने शुल्टनचा व्यवसाय प्रॉक्टर अँड गँबलला विकला. (त्याच वर्षी ‘होम अलोन’मधल्या पोराने आरशासमोर गालाला आफ्टरशेव्ह लावून जी किंकाळी फोडली, ती त्या संवेदकाची आजवरची सर्वांत लोकप्रिय जाहिरात म्हणावी लागेल.) पंधरा वर्षांनी याच कंपनीने जिलेटही घेतली. गालावरून फिरणारं पातं आणि मागून येणारं पाणी एका घरात नांदू लागलं. नव्या मालकांनी जुन्या घरात नवी सून करते ते सगळं केलं. अमेरिकेत दुधी काच गेली, प्लॅस्टिक आलं. डोलकाठ्यांवर शिडांची गर्दी असलेलं जुनं व्यापारी जहाज उतरवून १९९२ मध्ये तिथे एक सुटसुटीत शर्यतीची नौका काढली. ती दिसायला वेगवान होती, पण तिच्या पोटात मिरी मावली नसती. जुन्या गिऱ्हाइकांचं म्हणणं असं की वाससुद्धा पातळ झाला. २०१० मध्ये आयझाया मुस्तफा या नटाने टॉवेल गुंडाळून सरळ बायकांशी बोलायला सुरुवात केली, कारण नवऱ्याने काय लावायचं ते त्याच ठरवतात. ती जाहिरात जगभर गाजली. भारतात नंतर मिलिंद सोमण आले. विनोद चांगला होता. पण शुल्टनच्या खोक्यांचा हिशेब ठेवणाऱ्या कुठल्याही जुन्या कारकुनाने हे गिऱ्हाईक आधीच ओळखलेलं असणार.

अमेरिकेत प्लॅस्टिक आलं, तरी भारतात काच टिकली. परवाना इथल्या कारखान्याकडे होता, साचे जुने होते आणि वासही जुन्या पाकक्रियेच्या जास्त जवळचा राहिला. ही बातमी यथावकाश अमेरिकेतल्या शौकिनांना लागली. ब्रश, साबणाचा गोळा, दुधारी पातं अशी जुन्या पद्धतीने दाढी करणारी ही मंडळी भारतातून ओल्ड स्पाइस मागवू लागली. कुणी ओळखीच्या भारतीय सहकाऱ्याला सुट्टीहून येताना आणायला सांगितलं, कुणी टपालाने मागवलं. भारतीय किराणा दुकानांतही कधी कधी मसूर डाळीच्या आणि गरम मसाल्याच्या शेजारच्या फळीवर ते मिळे. कापडात गुंडाळून, बुचाला चिकटपट्टी लावून, भारतातल्या बाटल्या अटलांटिकपलीकडे निघाल्या. न्यू जर्सीतही त्या गेल्या.